विराबीन हरावं म्हणून

विराबीन, १४ मे १९५९

प्रिय एल्वा,

तुझं पत्र आणि लोकरीचे मोजे दोन्ही पोचले. मोजे उबदार आहेत, पण त्यांचा रंग असा आहे की घालून फाटकापर्यंत गेले तर मेंढ्यासुद्धा वळून बघतील. घरातच घालते.

एक बातमी आहे. काल बँकेचे मॅनेजर ट्रास्क टोपी हातात धरून दारात उभे होते. मला वाटलं, झालं, काहीतरी सही राहिली. तर म्हणाले, "मिसेस पास्को, आर्चचं नाटक यंदा आमच्या मंडळाला करायचं आहे." माझे हात कणकेने भरलेले होते. मी त्यांना बसा म्हणायचंही विसरले.

तुझा भाऊ इतकी वर्षं घोडागाडीवरून दूध घालत फिरला आणि घोड्याच्या टापांवर चाली बसवत राहिला. 'पाणी लागलं!' पुरं झालं तेव्हा गावात तिघा-चौघांनाच ठाऊक होतं. आपल्या गावच्या पहिल्या बोअरची गोष्ट, तीही गाणी घालून, कोण बघणार, असं तोच म्हणायचा. आणि नोव्हेंबरात तो गेला. ट्रास्कना त्याने कधीतरी दुधाच्या बाटल्या ठेवता ठेवता एक गाणं ऐकवलं होतं म्हणे. त्यांच्या ते डोक्यातून जाईना.

मला एकच हवं आहे, एल्वा. भरलेल्या हॉलमध्ये ते एकदा पूर्ण व्हावं. एकदाच. मग मला काही नको.

प्रयोग सप्टेंबरच्या शेवटच्या शनिवारी. मंडळ दरवर्षी हाच दिवस धरतं, तुला माहीत आहे. त्या दिवशी जिल्ह्याच्या फुटबॉलची फायनल असते आणि विराबीन फायनलमध्ये नसतं. म्हणजे सगळे पुरुष मोकळे, आणि जरा उदासही, त्यांना करमणूक लागतेच.

मला प्रॉम्प्टिंगला बसवलं आहे. सगळं पाठ असणारी मी एकटीच.

तुझी,
थर्झा


मेलबर्न, ३ जून

प्रिय थर्झा,

तुझं पत्र वाचून मी तिकीटखिडकीतच रडले. पुढे उभ्या असलेल्या बाईला वाटलं, तिकिटं संपली. तीही रडायला लागली.

आता डोळे पुसून कामाचं सांगते. मी थिएटरच्या खिडकीत बसते, लोकांना काय आवडतं ते मला कळतं. एक, नाटकात नाचणाऱ्या मुली हव्यात, आणि त्यांना पिसं हवीत. दोन, पहिल्या अंकात कुणीतरी परदेशी हवा. तीन, शेवटी लग्न हवं. आर्चच्या नाटकात सगळे बोअर खणणारे घामट पुरुष आहेत. खारं पाणी लागतं, मग कोरडा दगड लागतो, लोक हसतात, मग तिसऱ्यांदा कुठे गोड पाणी लागतं. थर्झा, भाऊ माझा होता, पण जमिनीतल्या भोकाकडे लोक दोन तास बघत बसतील का?

ट्रास्कना पिसांचं सांग. माझ्या ओळखीने इथून जुनी मिळतील.

तुझी,
एल्वा


विराबीन, ८ जुलै

प्रिय एल्वा,

पिसांचं सांगितलं. ट्रास्क म्हणाले, बोअर खणणाऱ्यांना पिसं लावली तर बायका त्यांना घरी परत घेणार नाहीत.

लग्न मात्र आहे, तू विसरलीस. नायक पबवाल्याच्या मुलीशी लग्न करतो. नायकाचं काम बेकरीवाला स्नो हार्टिगन करतो. तो आपल्या फुटबॉल संघाचा कॅप्टन आहे, आवाज मोठा, चेहरा बरा, आणि प्रेमाची वाक्यं पावाची ऑर्डर घेतल्यासारखी म्हणतो. कोरसमध्ये सगळा संघच आहे, कारण स्टेजवरचा लाकडी मनोरा उचलायला दुसरं कुणी गावात नाही. पबवाल्याच्या मुलीचं काम खरोखरच पबवाल्याची मुलगी नोरीन करते. तिला ऑक्टोबरात मूल होणार आहे. झगा एकदा उसवून सैल केला, आता पुन्हा सैल करायचा आहे. ट्रास्क म्हणतात, दिवे मंद ठेवले तर प्रेक्षकांना कळणार नाही. प्रेक्षकांना तिच्या नवऱ्याच्याही आधीपासून माहीत आहे.

शेवटच्या प्रवेशात खरं पाणी उडणार! अग्निशमनवाले हॉलच्या खिडकीतून पाइप आत घेणार आहेत.

गंमत म्हणजे आपला संघ यंदा जिंकतो आहे. का, ते कुणालाच कळत नाही. स्नो म्हणतो, तालमींमुळे. आर्चच्या चालीवर सगळ्यांना एकदम पाय उचलायला लावतात ना, त्याने मैदानावरही पाय हलके पडतात. मी म्हटलं, मग आर्चचं नाव संघाच्या फळीवर लिहा. सगळे हसले.

फिरत्या वाचनालयाच्या गाडीतून एक जाडजूड रशियन कादंबरी आणली आहे. प्रत्येकाला तीन-तीन नावं. पण त्यातली एक विधवा नवऱ्याचा कोट रोज झटकून परत टांगते. ती मला नीट समजली.

थर्झा


विराबीन, ११ ऑगस्ट

प्रिय एल्वा,

थोडक्यात लिहिते. मी हल्ली शनिवारी फुटबॉलला जाते. क्लबचे अध्यक्ष गस लिंडनर ट्रकमधून नेतात. थर्मास आणि गोधडी घेऊन आम्ही ट्रकमध्येच बसून बघतो. हवा बरी असते.

संघ अजून जिंकतोच आहे.

थर्झा


मेलबर्न, १७ ऑगस्ट

प्रिय थर्झा,

तू माझ्यापेक्षा मोठी आहेस, म्हणून मी काही बोलणार नाही.

पण बोलतेच. गस लिंडनर विधुर आहे. मला आठवतो तो. शाळेत असताना माझी वेणी कुंपणाच्या तारेला बांधली होती त्याने. तू आयुष्यात कधी फुटबॉल बघितला नाहीस. आर्च मैदानावर जायचा तेव्हा तू घरी पुस्तक वाचायचीस. आणि आता एका गोधडीत, एका थर्मासमधून चहा! हवा बरी असते म्हणे! ऑगस्टात, ऐन हिवाळ्यात, विराबीनची हवा कशी असते ते मला सांगू नकोस, मी तिथे जन्मले.

आर्चला जाऊन अजून वर्षही झालेलं नाही. त्याचं नाटक व्हायच्या आत तरी थांबायचं होतंस.

एल्वा


विराबीन, २१ ऑगस्ट

एल्वा,

तुझं पत्र वाचलं, दुमडलं, आणि कोंबड्यांना दाणे घालून आले. आता लिहिते.

गोधड्या दोन आहेत. थर्मासही दोन आहेत, कारण गस चहात इतकी साखर घालतो की चमचा उभा राहील. वेणीचं त्याला आठवतं. सॉरी सांगायला सांगितलं आहे.

मी मैदानावर जाते ती आपला संघ हरावा म्हणून.

आता हसू नकोस. जुलैपर्यंत कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. मग एकदा तालमीनंतर चहा घेताना नोरीन म्हणाली, "बायांनो, हे असंच चाललं तर फायनलला आपलेच असतील. आणि आपले तिकडे असतील तर स्टेजवर कोण असेल?" ट्रास्कच्या हातातली बशी तशीच राहिली. इतक्या वर्षांत हा प्रश्न कधी पडलाच नव्हता. फायनल दूर डनबारला, प्रयोग त्याच दिवशी आठ वाजता. जिंकले तर सगळे तिथेच पीत बसणार, हरले तर इथे येऊन पबमध्ये तोंड लपवणार. नायक नाही, कोरस नाही, आणि खरं सांगायचं तर प्रेक्षकही नाहीत.

तारीख हलवावी तर आदल्या शुक्रवारी हॉलमध्ये फुलांचं प्रदर्शन आहे, आणि फायनलच्या आदल्या दिवशी कोच कुणाला स्टेजवर उभं राहू देणार नाही. रविवारी नाटक केलं तर पाद्री आम्हाला गावाबाहेर काढेल. आधी घ्यावं तर तयारी नाही. नंतर घ्यावं तर नोरीन बाळंत होईल आणि कोरस लोकर कातरायला रानोमाळ जाईल. तेव्हा एकच मार्ग, फायनलच्या आधी कुठेतरी आपण हरायचं.

म्हणून मी गेले. घरी बसून हरण्याची इच्छा करण्यापेक्षा समोर बसून करावी, असं वाटलं. गोल झाला की सगळ्या गाड्या हॉर्न वाजवतात. मी हात मांडीखाली धरून बसते, गस माझ्या बाजूने वाकून वाजवतो. मी मनात म्हणते, देवा, समोरच्या पोरांना दोन पाय दे. आणि आपण जिंकतो. मी गेले त्या प्रत्येक शनिवारी जिंकलो. आता सगळे म्हणतात, मिसेस पास्को पायगुणाच्या आहेत. मला संघाच्या रंगांचा मफलर दिलाय. मध्यंतराला खेळाडूंच्या संत्र्यांच्या फोडी मीच करायच्या, असा नियमच झालाय. ज्यांनी हरावं म्हणून मी तळमळते, त्यांना मी संत्री भरवते.

वर्षाचं म्हणशील तर मला कुणी आठवण करून द्यायची गरज नाही. त्याचा पेला अजून खुंटीला आहे. रोज पुसते.

थर्झा


मेलबर्न, २६ ऑगस्ट

माझी लाडकी थर्झा,

मी मूर्ख आहे. पत्र टाकलं आणि लगेच पेटीत हात घालून ते परत काढावंसं वाटलं, पण पोस्टमन बघत होता.

माफ कर. आणि मदतीला मी तयार आहे. आपण मेथडिस्ट पंथाचे असल्याने असली मागणी आपल्या देवाकडे करायची मला लाज वाटली. म्हणून शेजारच्या कॅथलिक चर्चमध्ये गेले आणि विराबीन हरावं म्हणून मेणबत्ती लावली. तिथल्या म्हाताऱ्या फादरनी विचारलं, कुणासाठी, बाई? मी म्हटलं, भावासाठी. खोटं नव्हतं ना?

गसला सांग, वेणी माफ केली.

एल्वा


विराबीन, १५ सप्टेंबर

प्रिय एल्वा,

मेणबत्ती विझली असावी. शनिवारी सेमीफायनल होती, आणि आपण फायनलमध्ये आहोत.

मी मुद्दाम गेले नव्हते. माझ्या जाण्याने जिंकत असतील तर घरी बसून बघावं, असा विचार केला. डोकं दुखतंय असा निरोप दिला. दुपारी ट्रक फाटकाशी आला. गस आणि पोस्टमास्तर दोघं खाली उतरले. "थर्झा बाई, डोकं तिकडे दुखू दे, पण तू चल. आपण मागे पडलोय." मी म्हटलं, मी अंथरुणात आहे. पोस्टमास्तर म्हणाला, "अंथरुणासकट नेऊ." आणि खरंच उशी घेऊन मला ट्रकमध्ये बसवलं. मी पोचले आणि स्नोने सलग गोल मारले.

आता पुढचं ऐक. रविवारी स्नो पाव घेऊन आला. रविवारी बेकरी बंद असते, तेव्हाच मी समजले.

"मिसेस पास्को, मला प्रयोगाचं कळतं हो. मी काय म्हणतो, फायनलला दुसऱ्या पावाला..." तो तिथे पाव म्हणाला, त्याला सामन्याचा क्वार्टर म्हणायचं होतं, इतका गोंधळला होता. "मी गुडघा धरून खाली बसतो. मी नसलो की आपण हरणार. हरलो की मी सगळ्यांना गाडीत घालून वेळेवर आणतो. पबमध्ये जाऊ देणार नाही."

एल्वा, मी 'हो' म्हणायला तोंड उघडलं होतं. इतके शनिवार देवाकडे जे मागत होते, ते दारात पाव घेऊन उभं होतं.

पण म्हटलं, "स्नो, नाटकातला तो माणूस दोनदा तोंडावर आपटतो आणि तिसऱ्यांदा खणतो. तुला त्याचं काम करायचं आहे. आणि तू गुडघा धरून बसणार? आर्चने तुला स्टेजवरून हाकलला असता."

"मग प्रयोगाचं काय?"

"तू नीट खेळ. बाकी बघू."

तो गेला आणि मग मी पावाकडे बघून जरा रडले.

ट्रास्क म्हणतात, प्रयोग जाहीर झालाय तो आठ वाजता सुरू होणार, कोरस असो वा नसो. नोरीन म्हणते, "मी एकटी दोघांची वाक्यं म्हणेन. नाहीतरी आम्ही दोघंच आहोत," आणि पोटावर थाप मारली.

थर्झा


मेलबर्न, १९ सप्टेंबर

प्रिय थर्झा,

मी येते आहे. शुक्रवारच्या संध्याकाळच्या गाडीने. तू शनिवारी सामन्याला जा, नाहीतर ते तुला परत उशीसकट नेतील. हॉलमधल्या खुर्च्या मी लावते. कुणी आलं नाही तर पहिल्या रांगेत मी असेन. मी मोठ्याने टाळ्या वाजवते, इथे त्यासाठी प्रसिद्ध आहे.

एल्वा


मेलबर्न, २९ सप्टेंबर

प्रिय थर्झा,

गाडीत झोप लागली नाही, अजून कानात गाणी आहेत. तू कोपऱ्यात पडद्याआड होतीस, तुला प्रेक्षक दिसले नसतील. म्हणून समोरून काय दिसलं ते सांगते.

साडेसातला हॉलमध्ये मी, पाद्री, त्यांची बायको आणि अग्निशमनवाले इतकेच होतो. मागच्या टेबलावर बायकांनी आणलेली ताटं, सॉसेज रोल, लॅमिंग्टन, भोपळ्याचे स्कोन, गावभर पुरतील इतकी, आणि खायला गाव नाही. ट्रास्क घड्याळाकडे बघत फेऱ्या मारत होते. बुटांचा आवाज मला अजून ऐकू येतो.

मग ट्रक आले. एकाही गाडीचा हॉर्न नाही. पाद्री म्हणाले, "हरले वाटतं." पण हरले असते तर पबकडे वळले असते, ते तर हॉलकडे आले. गस आत आला, चेहऱ्यावर काहीच नाही. मी विचारलं, काय झालं? म्हणाला, "बरोबरी."

थर्झा, मी जन्मात अशी माणसं पाहिली नाहीत. आनंद नाही, दुःख नाही. पुढच्या शनिवारी परत खेळायचं म्हणून कोचने तोवर थेंब घ्यायचा नाही असं बजावलेलं. अख्खं गाव, शनिवारची संध्याकाळ, धडधडीत शुद्धीवर, आणि करायला काही नाही! समोरच्या संघाचे, कॅरोबाचे, लोकही आले. त्यांना घरी जायला विराबीनवरूनच रस्ता, आणि दारातून ताटं दिसली. बसायला जागा राहिली नाही. मी लावलेल्या खुर्च्यांवरून मलाच उठवलं.

पोरांना कपडे बदलायला वेळ मिळाला नव्हता. गुडघे फुटलेले, तोंडाला माती, एकाचा कान बांधलेला. तसेच मनोरा घेऊन आले. मागून कुणीतरी म्हणालं, "वेशभूषा चांगली केलीय." स्नोला सामन्यात डोक्याला लागलं होतं ना, त्याला एकेक वाक्य आठवत नव्हतं. तुझा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत येत होता. तू म्हणायचीस, "माझ्याशी लग्न करशील?" मग तो म्हणायचा, "हां, माझ्याशी लग्न करशील?" लोक हसून लोळले. नोरीन तुझ्या कोपऱ्याकडे बघून "हो" म्हणाली, तेव्हा तर छप्पर उडायचं बाकी होतं.

आणि ते पाणी! नळ इतका कुणी सोडतं का? मनोऱ्यावरून थेट पहिल्या रांगेत. कॅरोबाचे अध्यक्ष सूट घालून बसले होते. नखशिखान्त भिजले. ते उठले, चष्मा काढला, पुसला, आणि ओरडले, "वन्स मोअर!"

जमिनीतल्या भोकाकडे लोक दोन तास बघत बसतील का, असं मी विचारलं होतं. बसले. काही उभे होते.

एल्वा


विराबीन, ६ ऑक्टोबर

प्रिय एल्वा,

तुझं पत्र दोनदा वाचलं. पडद्याआडून मला फक्त आवाज ऐकू आला होता. आता चित्रही मिळालं.

नोरीनला गुरुवारी मुलगी झाली. ट्रास्कना वाटतं नाव नाटकातलंच ठेवावं. नोरीनला वाटतं ट्रास्कनी बँकेत लक्ष घालावं.

आता शनिवारचं. फायनल परत झाली. माझं काम झालं होतं. भरलेला हॉल मिळाला होता, पूर्ण नाटक झालं होतं. मला देवाकडे मागायचं काही उरलं नव्हतं. म्हणून या खेपेला मी मनापासून, अगदी आतून, आपण जिंकावं म्हणून गेले. ती सगळी पोरं आर्चची गाणी म्हणत स्टेजवर उभी राहिली होती, त्यांनी जिंकू नये तर कुणी? मी मफलर बांधला. हॉर्न मी स्वतः वाजवला, गसचा हात बाजूला करून. घसा बसेपर्यंत ओरडले.

आपण सपाटून हरलो. इतकं की शेवटी कॅरोबावाल्यांनाच अवघडल्यासारखं झालं.

त्याआधीच्या शनिवारी, पहिल्या फायनलला, मी काय मागत होते ते मलाच ठरवता येत नव्हतं, आणि बरोबरी झाली. तूच हिशेब लाव. आणि कुणाला बोलू नकोस. गस म्हणाला, "थर्झा, तू नसतीस तर याहून वाईट झालं असतं." मी मान हलवली.

सामना संपल्यावर मी संत्र्यांची बादली घेऊन खेळाडूंच्या पत्र्याच्या शेडमध्ये गेले. बायका तिथे जात नाहीत, पण मला कुणी अडवलं नाही. पोरं बाकांवर बसली होती, एक बूट काढलेला, एक पायात. कुणी कुणाकडे बघत नव्हतं. स्नोचं डोकं भिंतीला टेकलेलं. मी फोडी वाटल्या. कुणी खाल्ल्या नाहीत.

मग त्या बांधलेल्या कानाच्या पोराने गुणगुणायला सुरुवात केली. दुसऱ्या अंकातलं गाणं, बोअर दुसऱ्यांदा फसतो तेव्हाचं. ट्रास्क ते काढून टाकायचं म्हणत होते, कारण ते ऐकून कुणी ठेका धरणार नाही. हळूहळू सगळे म्हणायला लागले, बेसूर, बुटांच्या नाड्या सोडता सोडता:

काल लागलं नुसतं खारं,
आज लागला दगड...

आणि अडकले. तिसरी ओळ कुणाला येईना. स्नो डोळे मिटून आठवत होता. मग एकेक करून सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, जशी स्टेजवरून माझ्या कोपऱ्याकडे बघायची.

मी सांगितली: "चहा टाका रे, खाली बसा रे."

सांगता सांगता लक्षात आलं, ही ओळ आर्चने कुठून उचलली ते. पहाटेची फेरी फसली, बाटल्या फुटल्या, घोडा रुसला, की तो असाच दारात यायचा, आणि मी चुलीकडे वळत हेच म्हणायचे. इतकी वर्षं पाठ होतं, पण कळलं नव्हतं.

ते मग ती ओळ म्हणाले. दोनदा म्हणाले. बादलीतली संत्रीही संपली.

तुझी,
थर्झा